उणे वीसमध्ये कॅमेरा धरायचा असेल तर

उंचावरच्या शूटिंगचं पहिलं काम मला मिळालं तेव्हा शोरील, म्हणजे आधीच्या कामाची झलक, कुणी मागितलंच नाही. फोनवर तीन प्रश्न आले : गिर्यारोहणाचा बेसिक कोर्स झालाय का, जुमारवर (दोर पकडून वर सरकणाऱ्या क्लिपवर) चढता येतं का, आणि स्वतःची सॅक स्वतः वाहता का. कॅमेऱ्याबद्दल, लेन्सबद्दल अवाक्षर नाही. तेव्हा मला वाईट वाटलं होतं. आज मी स्वतः माणसं निवडते आणि हेच तीन प्रश्न याच क्रमाने विचारते.

पाच हजार मीटरवर तुकडीतला प्रत्येक जण स्वतःला कसंबसं सांभाळत असतो. तिथे ज्याला दुसऱ्याने सांभाळावं लागतं, तो कितीही गुणी छायाचित्रणकार असला तरी ओझं ठरतो. मला दर महिन्याला नव्या मुलामुलींचे मेसेज येतात आणि पहिला प्रश्न ‘कोणता कॅमेरा घेऊ’ हाच असतो. त्याचं उत्तर या लेखात बरंच खाली सापडेल, आणि तेही एका ओळीत. माझं काम हिमालयातलं, म्हणून बर्फ आणि विरळ हवा यांवर सविस्तर लिहिते. पाणी आणि वाळवंट यांबद्दल गरजेपुरतं.

पहिली पायरी : एकच मुलूख निवडा

बर्फ, पाणी, वाळवंट, पावसाळी जंगल, ध्रुव. यातला एकेक मुलूख नीट कळायला काही वर्षं जातात. सगळ्यातलं थोडं थोडं येतं असं सांगणाऱ्याला दोरावर कुणी घेत नाही. सुट्टी मिळाली की तुमचे पाय आपोआप कुठे वळतात, ते बघा. पुण्या-नाशिकची ट्रेकर मुलं डोंगराकडे जातात. मालवणच्या मुलीला समुद्र अंगणासारखा असतो, आणि तारकर्लीला पर्यटन महामंडळाची स्कूबा डायव्हिंग प्रशिक्षण संस्था तिच्या घराजवळ आहे. आंबोलीच्या धुवाधार पावसात रात्र-रात्र बेडकांच्या मागे बसणाऱ्यांना जळवांचं काही वाटत नाही. तेही एक खडतर क्षेत्रच आहे.

अंटार्क्टिकाचं स्वप्न असेल तर पत्ता गोव्यातला आहे. भारतीय मोहिमांची सूत्रं वास्कोच्या राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्रातून हलतात. ‘मैत्री’ आणि ‘भारती’ ही आपली तिथली दोन केंद्रं. जाणाऱ्यांची कडक वैद्यकीय तपासणी होते आणि बर्फाची सवय व्हावी म्हणून औलीला प्रशिक्षण असतं. या मोहिमा वैज्ञानिकांच्या आहेत, त्यामुळे कॅमेरा घेऊन जाणाऱ्याला जागा फार थोड्या. तेवढ्या एकाच ध्येयावर वर्षं घालवू नका.

दुसरी पायरी : दोर आणि शरीर

आपण नशीबवान आहोत, कारण सह्याद्री दारात आहे. दोराची शिस्त शिकायला याहून चांगली शाळा मला माहीत नाही. एखाद्या जुन्या, जबाबदार गिर्यारोहण संस्थेत नाव नोंदवा. ड्यूक्स नोज, तैलबैला, लिंगाणा अशा ठिकाणी हातखंडा येईपर्यंत वर्ष-दोन वर्षं जात राहा. रॅपलिंग, म्हणजे दोरावरून खाली उतरणं, पर्यटकासारखं एकदा करून भागत नाही. अँकर (दोर खडकाला बांधायचा आधार) कसा लावतात, दोर कुठे घासतो, कॅरॅबिनर (दोर अडकवायची धातूची कडी) चुकीच्या बाजूने लोड झाला तर काय होतं, हे सगळं अंगवळणी पडलं पाहिजे. या काळात कॅमेरा नेऊ नका. तुम्हाला राहवणार नाही, मला माहीत आहे, पण पहिले सहा महिने तरी नेऊ नका. कॅमेरा हातात आला की लक्ष चौकटीत जातं आणि गाठ अर्धी राहते.

सह्याद्री जे शिकवू शकत नाही ते म्हणजे उंची. कळसूबाई १६४६ मीटर आहे, आणि लेह शहर साधारण ३५०० मीटरवर. विमानातून उतरल्या उतरल्या तुम्ही महाराष्ट्राच्या सर्वोच्च शिखराच्या दुपटीहून वर असता. म्हणून हिमालयातला बेसिक कोर्स हवाच. दार्जिलिंगची हिमालयन माउंटेनिअरिंग इन्स्टिट्यूट १९५४ पासून आहे, उत्तरकाशीची नेहरू संस्था १९६५ पासून. मनालीलाही संस्था आहे. कोर्स साधारण चार आठवड्यांचा. कडा, बर्फ, हिमनदी, आइस अॅक्स (बर्फातली कुऱ्हाड), क्रॅम्पॉन (बुटाला लावायचे काटे), रोजचं वजन वाहणं. ‘ए’ ग्रेड मिळाली तरच पुढचा अॅडव्हान्स कोर्स करता येतो, तेव्हा तयारीनेच जा. जागा लवकर भरतात, म्हणून अर्ज बराच आधी करा.

त्यासोबत दुर्गम भागातल्या प्रथमोपचाराचा एक कोर्स करा. छायाचित्रणकाराच्या बायोडेटात ही ओळ दिसली की निर्मात्याचा जीव भांड्यात पडतो.

तिसरी पायरी : कॅमेरा, पण आंधळेपणाने

छायाचित्रण शिकायला पुण्याची एफटीआयआय, कोलकात्याची सत्यजित रे संस्था हे रस्ते आहेतच. दुसरा रस्ता मुंबईच्या सेटवरचा : कॅमेरा अटेंडंट, मग असिस्टंट, फोकस पुलर (फोकस सांभाळणारा), ऑपरेटर. मी दुसऱ्या रस्त्याने आले. अटेंडंट म्हणून केलेल्या कामाने मला पुढे तारलं, कारण सामान कसं बांधायचं, केबल कशी गुंडाळायची, लेन्स कशी पुसायची हे तिथे शिकले. बर्फात तुमच्यासोबत अटेंडंट नसतो. तिथे ऑपरेटर, फोकस पुलर, ध्वनिमुद्रक आणि रात्री कार्ड कॉपी करणारा, सगळं एकच माणूस असतो.

कॅमेरा कोणता घ्यावा? ज्याची सगळी बटणं तुम्हाला जाड हातमोज्यांतून, न बघता सापडतात तो.

याचा सराव घरी करा. एका परातीत बर्फाचं पाणी घ्या, हात दोन मिनिटं बुडवा, पातळ मोजे आणि त्यावर जाड मिटन (चारही बोटं एकत्र राहणारे हातमोजे) घाला, डोळ्यांवर पट्टी बांधा. आता बॅटरी बदला, कार्ड बदला, एनडी फिल्टर (उजेड कमी करणारी गडद काच) लावा, ट्रायपॉडवर कॅमेरा बसवा. पहिल्या दिवशी चिडचिड होते. तीन आठवड्यांनी हात स्वतःच काम करायला लागतात. उणे वीसला वारा असताना मिटनमधून बाहेर काढलेला हात मिनिटाभरात बधिर होतो, आणि धातूला उघडी त्वचा चिकटते. म्हणून आतले पातळ मोजे कधीच काढायचे नाहीत. ट्रायपॉडच्या पायांना फोम किंवा कापडी टेप गुंडाळा.

चौथी पायरी : थंडी यंत्राला काय करते ते समजून घ्या

इथे नवखे सर्वांत जास्त चुकतात, म्हणून जरा थांबते.

बॅटरी. लिथियम बॅटरीतली रासायनिक क्रिया थंडीत मंदावते आणि भरलेली बॅटरी अर्ध्यावर दिसू लागते. ती संपलेली नसते, गारठलेली असते. आतल्या खिशात, अंगाला लागून ठेवली की परत शुद्धीवर येते. मी बॅटऱ्यांना क्रमांक देते : दोन कॅमेऱ्यात आणि हाताशी, बाकीच्या जॅकेटच्या आत, रात्री सगळ्या स्लीपिंग बॅगमध्ये. शून्याखाली असलेली बॅटरी चार्जिंगला लावू नका. आतल्या थरांवर धातू साचतो आणि ती कायमची निकामी किंवा धोकादायक होते. आधी कोमट होऊ द्या.

दव. थंड कॅमेऱ्यापेक्षा थंडीतून उबेत आणलेला कॅमेरा लवकर मरतो. माझ्या दुसऱ्याच हिवाळ्यात हे घडलं. दिवसभर बाहेर काम करून लडाखी घराच्या स्वयंपाकघरात शिरले, चुलीवर थुक्पा उकळत होता, आणि मी सवयीने कॅमेरा शेजारी ठेवला. पाच मिनिटांत त्यावर पाण्याचा पडदा. लेन्सच्या आतल्या काचांवरही. पुढचे दोन दिवस ती लेन्स वापरता आली नाही. आता दारापाशीच बॅटरी आणि कार्ड काढून घेते, कॅमेरा हवाबंद पिशवीत घालून तोंड बांधते आणि तो खोलीइतका कोमट होईपर्यंत पिशवी उघडत नाही. दोन तास, कधी तीन. कार्ड आधी काढून घेतलेलं असल्यामुळे कॉपी करायला थांबावं लागत नाही. उद्या पहाटेच काम असेल तर कॅमेरा आत आणूच नका. बाहेरच्या तंबूत पेटीत थंडच राहू द्या.

श्वास. व्ह्यूफाइंडरवर सोडलेला श्वास तिथेच गोठतो. तोंड बाजूला वळवून श्वास सोडण्याची सवय लावावी लागते.

हार्ड डिस्क. फिरत्या तबकडीच्या डिस्कचं हेड हवेच्या थरावर तरंगत असतं. हवा विरळ झाली की तो थर पातळ होतो, म्हणून बहुतेक कंपन्या साधारण ३००० मीटरच्या वर त्या चालवू नका असं सांगतात. फिरता भाग नसलेली एसएसडीच न्या. दोन प्रती करा आणि त्या दोन वेगळ्या माणसांच्या सॅकमध्ये ठेवा.

उजेड. बर्फ पाहिला की कॅमेऱ्याचं मीटर फसतं आणि सगळं करडं करून टाकतं. एक्सपोजर एक ते दोन स्टॉप वाढवा (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड), पण हिस्टोग्राम, म्हणजे उजेडाचा आलेख, बघून. बर्फातला तपशील एकदा नुसता पांढरा होऊन गेला की परत येत नाही. एनडी फिल्टर भरपूर न्या. पोलरायझर (चकाकी कापणारा फिल्टर) जपून वापरा, कारण उंचावरचं आकाश मुळातच गडद असतं आणि त्यात तो लावला की ते काळं पडतं.

जुन्या लोकांनी हे सगळं कसं केलं असेल याचा मी बरेचदा विचार करते. कॅप्टन जॉन नोएल १९२२ आणि १९२४ च्या ब्रिटिश एव्हरेस्ट मोहिमांसोबत होते. १९२२ मध्ये त्यांनी फिल्म तंबूतच धुतली आणि याकच्या शेणाच्या जाळावर वाळवली. फ्रँक हर्ली १९१५ मध्ये अंटार्क्टिकाच्या बर्फात अडकलेल्या ‘एन्ड्युरन्स’ जहाजावर होते. जहाज मोडत असताना बर्फाळ पाण्यात उतरून त्यांनी काचेच्या निगेटिव्ह बाहेर काढल्या. मग वजन फार म्हणून त्यांनी आणि मोहिमेचे नेते शॅकल्टन यांनी बसून सुमारे १२० निवडल्या आणि साधारण ४०० तिथेच फोडल्या, पुन्हा मोह व्हायला नको म्हणून. काय सोबत न्यायचं आणि काय सोडायचं हा निर्णय आजही रोज घ्यावा लागतो, फक्त आता काच फुटत नाही.

पाचवी पायरी : विरळ हवेचं वेळापत्रक

५५०० मीटरवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्मा असतो. शरीराला सवय व्हायला दिवस लागतात आणि हे दिवस कुठल्याही औषधाने, कितीही व्यायामाने विकत घेता येत नाहीत. लेहला विमानाने उतरलात तर दोन पूर्ण दिवस काहीच करू नका. ३००० मीटरच्या वर झोपण्याची उंची एका दिवसात ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवू नका, आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस तिथेच थांबा. डायमॉक्स या उंचीच्या त्रासावरच्या गोळीबद्दल निघण्याआधी डॉक्टरांशी बोला, मित्राच्या सांगण्यावरून घेऊ नका.

हे सगळ्यांना पाठ असतं. तरी माणसं आजारी पडतात, कारण निर्मितीचं वेळापत्रक मुंबईत बसून आखलेलं असतं आणि त्यात सवयीचे दिवस ‘रिकामे’ दिसतात. ते कापू देऊ नका. करारावर सही करण्यापूर्वी ते दिवस लिहून घ्या. माझ्या एका सहकाऱ्याला अशाच कापलेल्या वेळापत्रकात फुफ्फुसात पाणी झालं. रात्री जीपमध्ये घालून खाली आणावं लागलं. बसल्या जागी धाप लागणं, कोरडा खोकला न थांबणं, सरळ रेषेत टाचेला टाच लावून चालता न येणं : यातलं काहीही दिसलं तर तपासत बसू नका. लगेच खाली उतरा, रात्र असली तरी. आणि स्वतःचं डोकं दुखत असेल तर लपवू नका.

मुलींसाठी एक वेगळी सूचना, जी मला कुणी दिली नव्हती. रात्री तंबूबाहेर जावं लागू नये म्हणून आपण पाणी कमी पितो. उंचावर हे महागात पडतं. थंड, कोरड्या हवेत श्वासावाटेही पाणी जातं. चार लिटर प्या आणि बाहेर जाण्याची सोय पहिल्याच दिवशी तुकडीशी स्पष्ट बोलून ठरवा. पाळीची तारीख मोहिमेत येत असेल तर लागणारं सामान स्वतःच्या सॅकमध्ये, कोरड्या पिशवीत. त्यात लाजण्यासारखं काही नाही.

विरळ हवेत बुद्धीही मंदावते आणि ती मंदावली आहे हे आपल्याला कळत नाही. म्हणून शॉटची यादी खालीच लिहा. कॅमेऱ्याच्या मागे टेपवर पाच शब्द लिहून ठेवा : लेन्स, फोकस, उजेड, आवाज, लाल दिवा. मी पंधरा वर्षांनंतरही हे शब्द वाचते. रेकॉर्डिंग चालू न करता पाच मिनिटं ‘शूट’ केलेली माणसं मी पाहिली आहेत, आणि ती नवखी नव्हती.

सहावी पायरी : दोरावरून चित्रीकरण

चढणाऱ्याच्या दोरावर तुम्ही कधीच नसता. तुमचा दोर वेगळा, अँकर वेगळा, आणि तोही दोन स्वतंत्र ठिकाणी बांधलेला. शक्यतो बाजूला लटका. थेट वर लटकलात तर तुमच्याकडून पडलेला खडा किंवा लेन्सचं झाकण खालच्याच्या डोक्यात जाईल. सॅकमधली प्रत्येक वस्तू, अगदी पेनसुद्धा, दोरीने बांधलेली हवी. लेन्स बदलणं टाळा. दोरावर एक झूम लेन्स पुरते.

दोर लावणारा तज्ज्ञ वेगळा माणूस असावा. तो ‘नको’ म्हणाला तर चर्चा संपली.

सातवी पायरी : कॅमेरा कधी खाली ठेवायचा

हे प्रशिक्षणात शिकवत नाहीत. १९९६ च्या मे महिन्यात गिर्यारोहक-चित्रपटकार डेव्हिड ब्रीशर्स आयमॅक्स (महाकाय पडद्यासाठीचा) कॅमेरा घेऊन एव्हरेस्टवर होते. तो कॅमेरा खास हलका करून घेतलेला, तरीही अवजड. एका रोलमध्ये जेमतेम दीड मिनिटाचं चित्रीकरण व्हायचं. १० मे रोजी वादळ आलं आणि वर गेलेल्या तुकड्यांमधली माणसं मरू लागली. ब्रीशर्स यांच्या तुकडीने वर साठवलेला स्वतःचा ऑक्सिजन अडकलेल्यांना वापरू दिला, चित्रीकरण बाजूला ठेवलं आणि बचावाला गेले. २३ मे रोजी ते पुन्हा चढले आणि शिखरावरचं दृश्य त्यांनी टिपलं. कॅमेरा वर नेला तो शेर्पांनी.

मला या घटनेतून दोन गोष्टी नेमक्या घ्याव्याशा वाटतात. एक, अपघातात तुम्ही आधी तुकडीचे सभासद असता, हे निघण्यापूर्वीच दिग्दर्शकाला सांगून ठेवा. नंतर तिथे वाद घालायला श्वास नसतो. दुसरी, तुमचं सामान वाहणाऱ्या माणसांची नावं श्रेयनामावलीत पूर्ण आणि बिनचूक यायला हवीत, आणि त्यांचा विमा तुमच्या विम्याइतकाच असायला हवा. हे निर्मात्याकडून लेखी घ्या. नव्या माणसाला मागायला संकोच वाटतो. तरी मागा.

पाणी, वाळवंट, पाऊस : थोडक्यात

पाण्यात आधी उत्तम पाणबुडे व्हा. तोल सांभाळताना हात हलवावे लागत असतील तर कॅमेरा नेण्याची वेळ आलेली नाही. हाउसिंग, म्हणजे कॅमेऱ्याची जलरोधक पेटी, आधी रिकामं, आत टिश्यू पेपर घालून बुडवा. ओ-रिंगवर, म्हणजे त्या पेटीच्या रबरी कड्यावर, एक केस राहिला तरी पाणी शिरतं. पहिल्या काही मीटरमध्येच लाल रंग नाहीसा होतो, म्हणून दिवा किंवा लाल फिल्टर. शेवटच्या डाइव्हनंतर किमान १८ तास विमानात बसायचं नाही. हा नियम परतीचं तिकीट काढणाऱ्यालाही सांगा.

थरच्या वाळवंटात शत्रू दोन : वाळू आणि तापलेली हवा. राजस्थानात फलोदीला मे २०१६ मध्ये ५१ अंश तापमान नोंदलं गेलं. अशा दिवशी कॅमेरा स्वतःच बंद पडतो. पांढरं ओलं कापड, सावली, आणि काम पहाटे व संध्याकाळी. दुपारी लांब पल्ल्याच्या लेन्समधून सगळं थरथरतंच दिसतं. वाळू ब्रशने पुसू नका, फुंकणीने उडवा.

आपल्या पावसाळ्यात लेन्सला बुरशी लागते. घट्ट झाकणाचा डबा, सिलिका जेल आणि आतलं आर्द्रतामापक चाळीस-पन्नासच्या दरम्यान. इतकं पुरतं.

आठवी पायरी : कागद

अभयारण्यात चित्रीकरणाला मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते. शिखरावर जाण्यासाठी दिल्लीच्या इंडियन माउंटेनिअरिंग फाउंडेशनकडे अर्ज असतो. सीमेलगत जिल्हा प्रशासन आणि लष्कर यांची संमती, आणि तिथे ड्रोन मनाला येईल तसा उडवता येत नाही. २०२१ च्या नियमांप्रमाणे २५० ग्रॅमपेक्षा जड ड्रोनची नोंदणी हवी आणि व्यावसायिक कामाला रिमोट पायलट प्रमाणपत्र. परदेशी पाहुणे सॅटेलाइट फोन घेऊन येतात. भारतात तो दूरसंचार विभागाच्या परवानगीशिवाय बाळगणं गुन्हा आहे. त्यांना आधीच कळवा, नाहीतर मोहीम विमानतळावरच संपते.

सुट्या बॅटऱ्या विमानात केबिनमध्येच न्याव्या लागतात. १०० वॅट-तासांपर्यंत चालतं. १६० पर्यंतच्या दोन, विमान कंपनीच्या परवानगीने. म्हणून ९८ वॅट-तासांच्या घ्या.

नववी पायरी : काम आणि पैसा

पहिलं काम बहुधा फुकट असतं, आणि ते तुमच्या गिर्यारोहण संस्थेच्याच मोहिमेचं असावं. हिमालयात जाणाऱ्या मराठी संस्था भरपूर आहेत आणि बहुतेकांकडे नीट चित्रीकरण करणारं कुणी नसतं. सात-आठ मिनिटांची एकच फिल्म करा. शिखरावरचा झेंडा सगळेच दाखवतात. तुम्ही पाणी वितळवणारे हात दाखवा, तंबूच्या आत जमलेला बर्फ दाखवा, वाट बघणं दाखवा. त्यातून तुम्ही तिथे खरंच राहिलात हे निर्मात्याला दिसतं.

त्यानंतरचं काम फुकट करू नका. दर दिवसावर ठरवा आणि प्रवासाचे, सवयीचे, खराब हवामानात अडकलेले दिवसही मोजा. उपकरणांचं भाडं वेगळं. उंची आणि हेलिकॉप्टर बचाव यांचा स्पष्ट उल्लेख असलेला विमा निर्मितीने काढायचा, आणि त्याची प्रत तुमच्या हातात आल्यावरच तिकीट काढायचं. वर्षातून अशी दोन-तीन कामं मिळाली तरी चांगलं वर्ष. बाकीचे महिने लग्न, जाहिराती, माहितीपट यांवर काढावे लागतात. मी अजूनही काढते. सेटवरचं ते रोजचं काम डोळा तयार ठेवतं.

दोराचे पहिले सहा महिने झाले असतील आणि यंदाच्या पावसाळ्यात कॅमेऱ्याने सुरुवात करायची असेल तर संस्थेच्या माणसांसोबत एखाद्या सोप्या कड्यावर जा. जुना कॅमेरा रेनकव्हरमध्ये घाला, दोरीने हार्नेसला बांधा आणि अँकरवर दोन तास लटकून राहा. या दोन तासांत खाली उतरणाऱ्या प्रत्येकाचा फक्त एकच शॉट घ्या, वीस सेकंदांचा, न हलणारा. घरी आल्यावर लेन्स वाळवा, मग फुटेज बघा.